मुद्रेची साक्ष

चेहरा हा मनाचा आरसा आहे, हे वचन आपण इतक्या वेळा ऐकले आणि उच्चारले आहे की, ते खरे आहे किंवा नाही याची चौकशी करण्याची गरजच आपणांस वाटेनाशी झाली आहे. आरशात डोकावणारास बहुधा स्वतःचेच प्रतिबिंब दिसते, ही आरशाची दुसरी खोड मात्र हे वचन उच्चारताना आपण सोयिस्करपणे विसरतो. मनुष्य तोंडाने थोडे बोलतो. त्याची मान, डोळे, हात, कपाळावरचा घाम आणि आवाजातील कंप ही पुष्कळ बोलतात. या दुसऱ्या भाषेचा कोश कोणी रचलेला नसूनही प्रत्येक जण स्वतःस तिचा पंडित समजतो. या पांडित्याच्या बळावर घरातील मोलकरीण चोर ठरते, धाकटा मुलगा खोटारडा ठरतो, नवी सून उर्मट ठरते, आणि न्यायमंदिरात प्रसंगी एखाद्याचे स्वातंत्र्य जाते. तेव्हा मुद्रेची ही साक्ष कितपत मानावी, हा प्रश्न केवळ वकिलांचा नाही. जो जो दुसऱ्याविषयी मत बनवितो त्या प्रत्येकाचा आहे.

या प्रश्नाकडे माझे लक्ष वेधले ते एका लहानशा प्रसंगाने. एका आप्ताच्या आजारामुळे नागपुरातील रामदासपेठेतल्या एका रुग्णालयात मला काही दिवस काढावे लागले. रामदासपेठ आणि तिला लागून असलेली धंतोली हे भाग आता दवाखान्यांचेच होऊन बसले आहेत. विदर्भाच्या खेड्यापाड्यांतूनच नव्हे, तर शेजारच्या मध्य प्रदेश-छत्तीसगडातूनही रोगी येथे येतात, आणि त्यांचे सोबती व्हरांड्यात चटई पसरून दिवस मोजीत बसतात. अशाच एका व्हरांड्यात एक वृद्ध शेतकरी माझा शेजारी होता. त्याच्या पत्नीचा पाय मधुमेहाने नासला होता. दोन दिवस मी त्यास पाहत होतो. तो वेळेवर भाकर खाई, तंबाखू मळी, भिंतीला टेकून डोळे मिटी. मुखावर काळजीची एक रेघही दिसत नसे. ‘काय निगरगट्ट मनुष्य आहे हा!’ असे मी मनाशी म्हटले, आणि म्हणताना मला यत्किंचितही संकोच वाटला नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टर बाहेर आले. गृहस्थ सज्जन, घाईत असूनही चार-पाच मिनिटे उभे राहून त्यांनी त्यास सर्व समजावून सांगितले. शेतकरी हात जोडून, दृष्टी खाली लावून उभा होता, आणि प्रत्येक वाक्यागणिक त्याची मान हलत होती. ‘समजले ना?’ मान हलली. संमतिपत्रावर अंगठा उमटला. डॉक्टर आत गेले. त्याबरोबर तो माझ्याकडे वळून हलक्या आवाजात म्हणाला, ‘का जी, काय म्हनले डाक्टरसायेब? पाय ठेवतीन का कापतीन?’ मी चकित होऊन विचारले, ‘मग तुम्ही मान कशाला हलविलीत?’ तो म्हणाला, ‘एवढा मोठा मानूस बोलून रायला, मंग मान त हालवाच लागते ना जी.’ त्याच्या स्वस्थपणाचा उलगडाही त्याच वेळी झाला. जेवणाचा विषय निघाला तेव्हा तो म्हणाला, ‘मीच पडलो त तिले कोन पाहीन?’

त्या एका सकाळी एकाच मनुष्याविषयी दोन सुशिक्षितांचे दोन निकाल चुकले होते. डॉक्टरांनी मानेचा अर्थ संमती असा केला. मी कोरड्या मुखाचा अर्थ निष्ठुरता असा केला. दोघांच्याही मनात दुष्टावा नव्हता, आणि दोघांनाही शंका आली नव्हती. हा दुसरा मुद्दा मला अधिक महत्त्वाचा वाटतो. शब्द कळला नाही तर ‘काय म्हणालात?’ असे आपण विचारतो. मुद्रा कळली नाही हेच आपणांस कळत नाही, त्यामुळे तिच्याविषयी विचारण्याचा प्रसंगच येत नाही.

आता न्यायासनाकडे वळू. साक्षीदाराच्या मुखावरून सत्यासत्य ओळखावे ही कल्पना इंग्रजांनी आणलेली नव्हे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात स्वर, वर्ण, इंगित, आकार, नेत्र आणि चेष्टा या बाह्य खुणांवरून अंतरीचा भाव जाणावा असे सांगितले आहे. याज्ञवल्क्याने तर दुष्ट वादी वा साक्षीदार कसा ओळखावा याचे चित्रच काढले आहे: तो एका जागी स्थिर राहत नाही, ओठांच्या कडा चाटतो, त्याच्या कपाळास घाम येतो, मुखाचा रंग उतरतो, वाणी अडखळते. आजच्या एखाद्या फौजदारी वकिलाने हीच यादी दिली असती. परंतु या यादीवर विज्ञानेश्वराने जे भाष्य केले आहे ते वाचून आदराने मस्तक नमते. हा विज्ञानेश्वर कल्याणीच्या, म्हणजे आजच्या बीदर जिल्ह्यातील बसवकल्याणच्या, चालुक्य विक्रमादित्याच्या राजवटीतला. त्याच्या मिताक्षरेवर आपल्याकडील वारसाहक्काचे तंटे पिढ्यानुपिढ्या तुटत आले. तो म्हणतो की, या खुणांवरून दोषाची केवळ संभावना समजावी, निश्चय करू नये. कारण विकार स्वभावतःच असलेला कोणता आणि प्रसंगाने उत्पन्न झालेला कोणता, हे ओळखणे दुर्घट आहे. एखाद्या अतिनिपुण मनुष्यास ते ओळखता आले असे मानले, तरी तेवढ्यावरून कोणास हरवू नये. मरणाची चिन्हे दिसली म्हणून कोणी त्या मनुष्याचे उत्तरकार्य उरकीत नाही! सुमारे नऊशे वर्षांपूर्वी लिहिलेली ही टीका आहे.

इंग्रजी अमदानीत १८७२ साली भारतीय पुराव्याचा कायदा अमलात आला. मनुष्य आणि पशू यांच्या भावप्रदर्शनावरील डार्विनचा प्रसिद्ध ग्रंथही त्याच साली बाहेर पडला. पुढे १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने साक्षीदाराच्या वर्तनाविषयी जे महत्त्वाचे वाटेल ते न्यायाधीशाने टिपून ठेवावे असा नियम घातला. १९०८ च्या दिवाणी संहितेत तशी मुभा ठेविली गेली. १९७३ ची संहिता आणि तिच्या जागी १ जुलै २०२४ पासून आलेली भारतीय नागरिक सुरक्षा संहिता यांनीही ती परंपरा चालू ठेविली आहे. साक्षीदार ज्याने प्रत्यक्ष पाहिला त्या न्यायाधीशाचे मत अपील ऐकणाऱ्याने सहसा फिरवू नये, हे तत्त्व आपल्या सर्वोच्च न्यायालयाने पूर्वीच मान्य केले. म्हणजे मुद्रेला कायद्याने दारात उभे केले आहे एवढेच नव्हे, तर तिला बसावयास पाटही दिला आहे.

या पाटावर कोणास बसवावे याचा विवेक मात्र केला पाहिजे. ‘मुद्रेची भाषा’ या एका नावाखाली, माझ्या मते, तीन निरनिराळ्या गोष्टी एकत्र कोंबल्या गेल्या आहेत.

पहिली गोष्ट इशारा. तो मनुष्य जाणूनबुजून करतो, तेव्हा ती बोलीच होय. ज्यास बोलता येत नाही त्याने भर न्यायालयात खुणांनी दिलेली साक्ष तोंडी साक्षच समजावी, असे १८७२ च्या कायद्यात होते, आणि नव्या साक्ष्य अधिनियमातही ते तत्त्व कायम आहे. अलाहाबाद हायकोर्टापुढे १८८५ साली अब्दुल्लाचा खटला आला. त्यात गळा चिरल्यामुळे एका मरणोन्मुख तरुणीची वाचा गेली होती. अधिकाऱ्याने एकेक नाव घेऊन विचारले आणि तिने हाताच्या खुणेने उत्तर दिले. प्रश्न आणि खूण मिळून ते शाब्दिक निवेदनच झाले, असे पूर्णपीठाने ठरविले. येथे खुणेस अर्थ आला तो आधी प्रश्न विचारला गेला म्हणून, हे ध्यानात ठेवावे.

दुसरी गोष्ट विकार. तो मनुष्य करीत नाही, त्यास तो होतो. भरताच्या नाट्यशास्त्रात स्तंभ, स्वेद, रोमांच, स्वरभंग, वेपथू, वैवर्ण्य, अश्रू आणि प्रलय असे आठ सात्त्विक भाव सांगितले आहेत. त्यांतील स्वेद, स्वरभंग, वैवर्ण्य हे याज्ञवल्क्याच्या यादीतलेच. परंतु नाट्याचार्य न्यायाधीशाहून सावध! एकट्या घामाची त्यांनी क्रोध, भय, हर्ष, लज्जा, दुःख, श्रम, रोग, ताप अशी नाना कारणे दिली आहेत. नागपूरच्या मे महिन्यात पंचेचाळीस अंशांच्या उन्हातून पायी येऊन जो साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहतो, त्याच्या कपाळावरचा घाम यांपैकी कोणत्या कारणाचा हे कोणत्या पंडिताने सांगावे?

तिसरी गोष्ट रीत. ती मनुष्य करतो खरा, पण तिने तो आपले मन सांगत नाही, आपली पायरी सांगतो. वडीलधाऱ्यांच्या डोळ्याला डोळा भिडवू नये, थोर माणूस बोलत असता मान डोलवावी, विचारल्यावाचून बोलू नये, हे आपण मुलांना, विशेषतः मुलींना, शिकविले. तीच माणसे मोठी होऊन साक्षीस उभी राहतात आणि दृष्टी खाली वळवितात. तेव्हा आपण म्हणतो, ‘पाहा, नजर चुकवितो आहे!’ ज्या विनयाचे आपणच धडे दिले, त्याचाच पुढे आपण पुरावा करतो. माझ्या शेतकऱ्याची मान ही रीत होती. डॉक्टरांनी ती इशारा म्हणून घेतली.

अनुभवी माणसास हा भेद सहज कळतो, असे कोणी म्हणतील. हा आत्मविश्वास अलीकडच्या संशोधनापुढे टिकत नाही. २००६ साली बाँड आणि डीपॉलो या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी तोवर झालेल्या प्रयोगांचे एकत्रित गणित मांडले. चोवीस हजारांहून अधिक माणसांनी अनोळखी लोकांची मुद्रा व बोलणे पाहून खरे-खोटे ठरविले होते. त्यांचे उत्तर शंभरात सरासरी चोपन्न वेळा बरोबर आले. नाणे उडविले असते तर पन्नास वेळा आले असते. त्यापूर्वी १९९१ साली एकमन आणि ओसुलिव्हन यांनी पोलीस, मनोरोगतज्ज्ञ आणि न्यायाधीश यांचीही परीक्षा घेतली होती; सीक्रेट सर्व्हिसचे अधिकारी सोडले तर बाकीच्या मंडळींचे यश योगायोगाच्या आसपासच घुटमळले. २००६ सालीच प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या एका पाहणीत अठ्ठावन्न देशांतील लोकांस ‘खोटे बोलणारा कसा ओळखावा?’ असे विचारले असता सर्वांत अधिक आलेले उत्तर एकच होते: तो नजर टाळतो. जगाचे एवढे एकमत असलेली ही खूण प्रयोगांत मात्र भरवशाची ठरलेली नाही. ‘कर नाही त्याला डर कशाला’ ही आपली म्हण याच जागतिक भ्रमाचे देशी रूप होय. कर नसलेल्यासही डर असते; आपल्यावर विश्वास ठेविला जाणार नाही ही डर निरपराध्यासच अधिक.

तरीही आई लेकराच्या नुसत्या कण्हण्यावरून त्याचे दुखणे ओळखते, हे खोटे आहे काय? मुळीच नाही. पण आईचे ज्ञान कशाने पक्के होते ते पाहावे. ती अंदाज करते, चुकते, लेकरू रडतच राहते, आणि तिला आपली चूक तत्काळ कळते. हजार वेळा चुकून ती शहाणी झालेली असते. न्यायाधीश साक्षीदारास तासभर पाहतो, पुन्हा कधीच पाहत नाही, आणि ‘आपण मुद्रा चुकीची वाचलीत’ असे सांगणारा त्यास सहसा कोणी भेटत नाही. जेथे चूक उघडकीस येण्याची सोय नाही तेथे वर्षे वाढतात, अनुभव वाढत नाही. हे ओळखूनच अ‍ॅटकिन या इंग्रज न्यायाधीशांनी १९२४ साली, केवळ चर्येवरून सत्य हेरणाऱ्या तीक्ष्णदृष्टी न्यायाधीशाच्या कल्पनेची थट्टा केली होती. पुराव्याच्या अंगचा तोळाभर सच्चेपणा हा शेरभर हावभावांहून वजनदार, असा त्यांच्या म्हणण्याचा भावार्थ.

मनाची आणखी एक खोड येथे सांगितली पाहिजे. मध्यप्रांताचे अबकारी आयुक्त हनुमंत नरगुंदकर यांच्यावरील खटला नागपुरातच चालला. खालच्या न्यायालयांनी त्यांस दोषी ठरविले आणि १९५२ साली सर्वोच्च न्यायालयाने निर्दोष सोडले. परिस्थितिजन्य पुराव्याविषयी त्या निकालात १८३८ च्या एका इंग्रजी खटल्यातील इशारा पुन्हा देण्यात आला: तुटक गोष्टी एकमेकींस जुळविण्यात मनास एक प्रकारचा आनंद होतो, आणि त्या आनंदाच्या भरात ते न जुळणाऱ्यासही थोडे वाकवून जुळविते. मुद्रेच्या बाबतीत हा मोह दुप्पट. कागद वाकविला तर सुरकुती दिसते; मुद्रा वाकविलेली दिसत नाही.

आता ज्या प्रकरणावाचून या विषयाची चर्चा आपल्या प्रांतात अपुरी राहील, त्याकडे येतो. १९७२ च्या मार्च महिन्यात देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात, तेव्हाच्या चांदा म्हणजे चंद्रपूर जिल्ह्यात, एक आदिवासी मजूर मुलगी एका तक्रारीच्या चौकशीसाठी आप्तांसह आणली गेली. रात्री इतरांस बाहेर जाण्यास सांगून तिला आत ठेवण्यात आले, आणि तेथे दोन शिपायांनी आपल्यावर अत्याचार केला अशी तिची फिर्याद होती. खटल्यास पुढे तिचेच नाव चिकटले. ते येथे घेण्याचे कारण नाही. १९७४ साली चंद्रपूरच्या सेशन्स कोर्टाने तिला खोटी ठरवून आरोपींस सोडले. १९७६ साली मुंबई हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरविला. भयाने, निरुपायाने शरीर स्वाधीन करणे म्हणजे इच्छा नव्हे, असे त्या निकालाचे सार होते. १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने हाही निकाल फिरवून आरोपींस मुक्त केले. तिच्या अंगावर जखमा नव्हत्या. हात धरला तेव्हा तो झिडकारून ओरडण्याची स्वाभाविक प्रवृत्ती तिने दाखविली नाही. आप्त जवळ असता ती निमूटपणे मागे गेली. ही कारणे त्या निकालात आहेत.

‘स्वाभाविक प्रवृत्ती’ हा शब्द वाचकांनी क्षणभर हातात घेऊन पाहावा. कोणाचा स्वभाव? दिल्लीच्या न्यायासनावरून जे स्वाभाविक दिसते, ते रात्री पोलीस ठाण्यात, गणवेशातील माणसाने दंड धरला असता, परक्यांकडे राबणाऱ्या पोरक्या मुलीसही स्वाभाविक असेल काय? स्तंभ, म्हणजे अवयव जागच्या जागी थिजणे, हा भरताने सांगितलेला पहिलाच सात्त्विक भाव. आणि भय हे त्याच्या कारणांपैकी एक. ‘मौनं संमतिलक्षणम्’ हे वचन बरोबरीच्या माणसांच्या बैठकीत, ज्यांस ‘नाही’ म्हणता येते अशांच्या मौनाविषयी कदाचित खरे असेल. ज्याच्या ‘नाही’ला किंमतच नाही त्याच्या मौनास हे लक्षण लावणे म्हणजे त्याचे दुबळेपण त्याच्याच विरुद्ध साक्षीस उभे करणे होय. नागपूरच्या खंडपीठाने हा भेद ओळखला होता. आणि त्याचे मोल त्या एका मुलीपुरते शून्य झाले तरी देशापुरते झाले नाही.

कारण गोष्ट तेथे थांबली नाही. १९७९ साली उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर या चार कायदेपंडितांनी सरन्यायाधीशांस उघडे पत्र लिहिले. देशभर स्त्रियांची चळवळ उभी राहिली. १९८३ साली कायदा बदलला, आणि ताब्यातील स्त्रीने ‘माझी संमती नव्हती’ असे न्यायालयात सांगितल्यास ती नव्हती असेच गृहीत धरावे असे ठरले. पुढे २०१३ साली संमतीची व्याख्याच कायद्यात आली: शब्दांनी, खुणांनी वा शब्देतर संवादाच्या कोणत्याही रीतीने व्यक्त झालेली निःसंदिग्ध, स्वेच्छेची मान्यता म्हणजे संमती, आणि अंगबळाने प्रतिकार केला नाही एवढ्यावरूनच संमती होती असे मानू नये. आजच्या भारतीय न्याय संहितेतही हे कायम आहे. विज्ञानेश्वराच्या टीकेतला विवेक असा नऊ शतकांनी, एका मुलीच्या दुःखाची किंमत देऊन, कलमांत उतरला.

मग मुद्रेकडे पाहूच नये की काय? तसे केल्यास मनुष्य मनुष्यास पारखा होईल. माझे म्हणणे इतकेच की, मुद्रेला प्रश्न उपस्थित करण्याचा अधिकार आहे, निकाल देण्याचा नाही. साक्षीदार चाचरला तर न्यायाधीशाने त्यास पाणी द्यावे आणि पुन्हा विचारावे. मोलकरणीने नजर खाली वळविली तर घरधनिणीने आधी कपाट शोधावे. मुलगा गप्प बसला तर बापाने आवाज खाली आणावा. ज्याच्या हाती अधिक सत्ता, त्याच्यावर विचारण्याचे कर्तव्य अधिक. कारण दुबळ्याची मुद्रा ही बहुधा बलवानाच्या उपस्थितीनेच घडलेली असते, आणि तीच मुद्रा पाहून बलवान म्हणतो, ‘हा असाच आहे.’ डॉक्टर नसताना तो शेतकरी मान हलवीत नव्हता.

त्या दिवशी मी त्यास घेऊन पुन्हा डॉक्टरांकडे गेलो आणि खरी हकीकत सांगितली. डॉक्टर ओशाळले, पण ते खरोखरच सज्जन असल्यामुळे रागावले नाहीत. त्यांनी त्यास खुर्चीवर बसविले, स्वतः बसले, कागदावर पायाचे चित्र काढले आणि सर्व पुन्हा सांगितले. शेवटी ‘समजले ना?’ असे न विचारता ते म्हणाले, ‘बाबा, आता तुम्ही मला सांगा, मी काय करणार आहे?’ शेतकरी बराच वेळ चित्राकडे पाहत राहिला. या वेळी त्याची मान हलली नाही. त्याने बोट चित्रावर ठेवले आणि विचारले, ‘इथूनच का जी? मंग चालता येईन का तिले?’

त्याचा अंगठा कागदावर सकाळीच उमटला होता. संमतीस मात्र तेव्हा कोठे प्रारंभ झाला.